वाईट बातमी कोण सांगणार, बॉस?

शुक्रवार, संध्याकाळचे पावणेआठ. माझ्या एका मित्राने लॅपटॉपवर मेल टाइप केला, तीनदा वाचला, 'सेंड' दाबलं, मोबाइल बंद केला आणि सरळ सिनेमाला गेला. दोनच आठवड्यांपूर्वी साहेब टीम लीड झाले होते. पार्टी उकळून झाली होती, नवीन व्हिजिटिंग कार्डं यायची होती. मेल होता टीममधल्याच एका सिनियरला. मजकूर साधा, म्हणजे मोठा क्लायंट आता तुमच्याकडे नाही, सोमवारपासून दुसरा माणूस बघेल, थँक्स अँड रिगार्ड्स. दोघांच्या डेस्कमध्ये अंतर जेमतेम बारा फूट. आणि मित्र जॉइन झाला तेव्हा चहाची टपरी कुठली चांगली इथपासून ते क्लायंटला 'नाही' कसं म्हणायचं इथपर्यंत सगळं त्याला याच सिनियरने शिकवलेलं.

"अरे, तोंडावर कसं सांगणार यार? आणि डिसिजन माझा नाहीये, मॅनेजमेंटचा आहे." हे त्याचं उत्तर.

खोटं कशाला बोला, त्याच्या जागी मीही असतो तर तिकिटं आधीच काढून ठेवली असती. आपल्याला प्रमोशन मिळतं ते काम चांगलं करतो म्हणून. आणि प्रमोशन मिळाल्यावर कळतं की नवं काम टोटल वेगळंच आहे. आता आपण खेळायचं नाही, दुसऱ्यांना खेळवायचं, आणि त्यातल्या कोणाला तरी बाहेर बसवायचं. इंडक्शनच्या त्या चकचकीत फोल्डरमध्ये यावर एकही पान नसतं.

त्यावरून मला एक माणूस आठवला. आयटीतला नाही, मॅनेजमेंट गुरू तर अजिबात नाही. एक तर तो फार कमी बोलतो आणि पत्रकार दिसले की आणखी कमी. मूळचा पोलिस. मग रग्बी लीगचा प्लेयर आणि नंतर कोच. नाव वेन बेनेट, मुक्काम बराच काळ ब्रिस्बेन, ऑस्ट्रेलिया.

आधी खेळाचं थोडं सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल हे काय नवीन. पावसाळ्यात बॉम्बे जिमखान्याच्या चिखलात जी रग्बी दिसते ती 'युनियन'. टीममध्ये १५ जण. बेनेटची ती 'लीग', १३ जणांची. दोघी सख्ख्या बहिणी, पण १८९५ साली भांडून वेगळ्या झालेल्या. भांडण कशावरून? पगारावरून! उत्तर इंग्लंडातले प्लेयर खाणीत आणि गिरण्यांत काम करायचे. मॅचसाठी रजा टाकली की मजुरी बुडायची. क्लब म्हणाले, बुडालेली मजुरी आम्ही भरून देतो. लंडनच्या सुखवस्तू मंडळींना हे अब्रह्मण्यम वाटलं. झालं, २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात बैठक झाली आणि क्लबांनी वेगळी चूल मांडली. म्हणजे हा अख्खा खेळच 'लॉस ऑफ पे'च्या कटकटीतून जन्मलाय. ऑफिसवाल्यांनी याच्यावर प्रेम करायला एवढं कारण पुरे.

आणि खेळायचा कसा? कबड्डी डोळ्यापुढे आणा. चढाईवाल्याला चार-पाच जण मिळून दाबतात ना, तसंच इथे बॉल घेऊन धावणाऱ्याला दाबतात. फक्त तो बाद होत नाही. उठतो, बॉल पायाने मागे सरकवतो आणि परत चढाई सुरू. पास फक्त मागे द्यायचा. अशी सहा वेळा पकड झाली की बॉल समोरच्यांचा. त्याच्या आत रेषेपलीकडे बॉल टेकवला तर 'ट्राय', ४ पॉइंट. ८० मिनिटं हा धुमाकूळ. हाडं मोडतात, नाकं फुटतात आणि क्वीन्सलंड, न्यू साउथ वेल्समध्ये लोक यासाठी अक्षरशः वेडे होतात. १९८०पासून या दोन राज्यांत 'स्टेट ऑफ ओरिजिन' नावाची मॅच असते. तिच्या रात्री दोन्हीकडे दुसरा विषय नसतो.

आता बेनेट. जन्म १ जानेवारी १९५०, क्वीन्सलंडमधलं अलोरा नावाचं छोटं गाव. वडील दारूत बुडालेले. एक दिवस ते घर सोडून गेले, मुलांना वाढवलं आईने. पोराने दारूला आयुष्यात हात लावायचा नाही असं ठरवलं आणि ते पाळलं. पंधराव्या वर्षी पोलिसांत कॅडेट म्हणून भरती. सोबत रग्बी लीग. प्लेयर म्हणून तो वाईट नव्हता. क्वीन्सलंडकडून खेळला, १९७१ साली ऑस्ट्रेलियाच्या टीमबरोबर न्यूझीलंडला गेला. पण टेस्ट एकही नाही, दौऱ्यातल्या दोन साइड मॅचेस तेवढ्या मिळाल्या. पुढे काही काळ इंग्लंडात हडर्सफील्डकडून खेळला, तेच बैठकवालं गाव. मग परत घरी, युनिफॉर्म अंगावर. त्याचा प्लेयर म्हणून सीव्ही काढला तर एका पानात संपेल आणि खाली जागा उरेल.

पोलिस असताना त्याने एक काम मात्र भरपूर केलं. पोलिस अकादमीत नव्या कॅडेट्सना घडवायचं. त्यातच एक दिवस माल मेनिंगा नावाचा दांडगा पोरगा आला. हा पुढे ऑस्ट्रेलियाचा कॅप्टन झाला. बेनेटने त्याला अकादमीतून उचलून ब्रिस्बेनच्या साउथ्स क्लबात आणला, कारण तिथे बेनेट कोचिंग करत होता. मला उगाच वाटतं, हं, की ग्राउंडपेक्षा पोलिसाची नोकरीच त्याला जास्त कामी आली असणार. पोलिसाला कधीतरी रात्री-अपरात्री कोणाचं तरी दार वाजवून नको ती बातमी सांगावी लागते. तिथे मेल चालत नाही.

कोचिंगमधली त्याची सुरुवात काही धडाकेबाज नव्हती. १९८४ साली ब्रिस्बेन लीगच्या फायनलमध्ये विनम-मॅनली क्लबने साउथ्सला ४२-८ असं धुतलं. अक्षरशः धुऊन वाळत घातलं. पुढच्या वर्षी त्याच दोन टीम, तीच फायनल. या वेळी साउथ्स १०-८ने जिंकले. त्या विनममध्ये खेळत होता वॉली लुईस. हे नाव लक्षात ठेवा, गोष्ट इथून त्याचीही आहे.

लुईस म्हणजे कोण, हे सांगायला क्वीन्सलंडमध्ये एकच शब्द लागायचा. 'किंग'. त्याने ओरिजिनच्या ३१ मॅचेस खेळल्या, त्यातल्या ३० कॅप्टन म्हणून. आठ वेळा मॅन ऑफ द मॅच. ब्रिस्बेनच्या लँग पार्क स्टेडियमबाहेर आज त्याचा पुतळा उभा आहे. सिडनीवाल्यांकडे पैसा, लुईसकडे नजर. बॉल हातात असताना त्याला म्हणे समोरच्यांच्या आधी कळायचं की ते कुठे उभे राहणार आहेत. १९८६ साली बेनेट क्वीन्सलंडचा कोच झाला, कॅप्टन अर्थातच लुईस. पहिल्या वर्षी तिन्ही मॅचेस हरले. १९८७ साली २-१, १९८८ साली ३-०. जोडी जमली.

मधल्या काळात, १९८७ साली, बेनेट कॅनबरा क्लबात जॉइंट कोच होता आणि टीम फायनलपर्यंत गेली, पण तिथे मॅनलीने अडवलं. मग १९८८ साली सिडनीच्या मोठ्या लीगमध्ये ब्रिस्बेनची स्वतःची टीम आली, ब्रॉन्कोज. कोच बेनेट, कॅप्टन लुईस. पहिलीच मॅच गतविजेत्या मॅनलीशी आणि निकाल ४४-१०! शहर वेडं झालं. हे आता दरवर्षी जिंकणार, सगळ्यांनी धरूनच ठेवलं.

नाही जिंकले. १९८८ साली सुरुवात सॉलिड, पण पुढच्या राउंडला पोचलेच नाहीत. १९८९ साली शेवटच्या टप्प्यात क्रोनुलाकडून मार खाल्ला. स्टार एकापेक्षा एक, ट्रॉफी नाही.

आणि १९९०च्या सीझनला बेनेटने लुईसची कॅप्टनशिप काढून घेतली. जीन माइल्सला दिली.

हे किती मोठं होतं कळण्यासाठी २००५ साल आठवा. गांगुलीची कॅप्टनशिप गेली तेव्हा कोलकत्यात रस्त्यावर लोक उतरले होते ना? साधारण तसं, फक्त एका बाबतीत आणखी अवघड. गांगुलीचा फॉर्म तरी गेला होता. लुईस त्या दिवशी क्वीन्सलंडचा कॅप्टन होता आणि ऑस्ट्रेलियाचाही. म्हणजे देशाला चालतो, राज्याला चालतो, क्लबला चालत नाही! ब्रिस्बेनमध्ये लोकांनी बेनेटचा जो उद्धार केला असेल त्याची कल्पना तुम्ही करू शकता. कोण हा पोलिसवाला? स्वतः एक टेस्ट खेळला नाही आणि किंगला शिकवतो?

बेनेटचं काय चाललं असेल? माझा तर्क असा. टीममध्ये ॲलन लँगर, वॉल्टर्स बंधू असे तरुण पोरगे तयार होत होते. एक माणूस एवढा मोठा असला की बाकीचे अडचणीच्या वेळी त्याच्याकडे बघत बसतात. बॉल त्याला देऊन मोकळे. आपल्या ऑफिसातही असतो की असा एक. सर्व्हर बसला, बोलवा त्याला. क्लायंट चिडला, बोलवा त्याला. तो रजेवर गेला की डिपार्टमेंट लुळं. त्याची चूक काही नसते, उलट तो ग्रेट असतो म्हणूनच हा घोळ होतो. त्यामुळे त्याला बाजूला करण्याचं कारण त्याला पटेल असं सांगताच येत नाही. 'तू कमी पडलास' म्हणता येत नाही, कारण पडलेला नसतो.

पण मला यातला एक भाग जास्त महत्त्वाचा वाटतो. हा डिसिजन बेनेटचा होता आणि तो बेनेटचाच राहिला. बोर्डाने ठरवलं, स्पॉन्सर मागे लागले, असलं काही त्याने पुढे केलं नाही. शिव्या पडल्या त्या त्याच्याच नावाने. आणि लुईस काही दुसऱ्या दिवशी निघून गेला नाही. १९९०चा सीझन दोघं एकाच क्लबात होते. एकच ड्रेसिंग रूम, एकच बस, रोज सकाळी एकच ग्राउंड. मेल टाकून सिनेमाला जायची सोयच नव्हती. कल्पना करा, तुम्ही ज्याची पोस्ट काढून घेतलीत तो वर्षभर समोर बसून टाय बांधतोय.

त्या वर्षी ब्रॉन्कोज फायनलच्या एक पायरी आधी कॅनबराकडून ३२-४ असे हरले. म्हणजे डिसिजन बरोबर होता याचा पुरावा हातात नाहीच. वर सीझन संपल्यावर क्लबने लुईसला सोडलं. तो जवळच्याच गोल्ड कोस्टच्या टीममध्ये गेला. १९९१ साली त्याने क्वीन्सलंडला पुन्हा ओरिजिन जिंकून दिली आणि लँग पार्कवर रडत-रडवत ओरिजिनला रामराम केला. ब्रॉन्कोजकडे तेव्हाही ट्रॉफी नव्हती. या काळात बेनेटला झोप कशी लागत असेल, कोण जाणे.

मग १९९२. लँगर कॅप्टन, फायनल सेंट जॉर्जशी, २८-८. ब्रॉन्कोजची पहिली ट्रॉफी. १९९३, पुन्हा सेंट जॉर्ज, १४-६.

आणि लुईस? नियती कधी कधी फारच टपोरी जोक करते. १९९२ साली तो गोल्ड कोस्टचा प्लेयर-कोच झाला, १९९३ साली नुसता कोच. दोन्ही वर्षी टीम टेबलच्या तळाला. १९९३ साली २२ मॅचेसपैकी एक जिंकली. एक! क्वीन्सलंडचंही कोचपद त्याच्याकडे १९९३ आणि १९९४ साली होतं, दोन्ही सिरीज हरले. खेळ ज्याला आपोआप दिसायचा त्याला तो दुसऱ्याला दाखवता येईना. यात लुईसला हसण्यासारखं काहीच नाही. गोल्ड कोस्ट क्लब आधीपासून गाळात होता, तिथे ब्रह्मदेव आला असता तरी फार फरक पडला नसता. पण एकाच वेळी, एकाच राज्यात, तासाभराच्या अंतरावर, एक साधा प्लेयर ट्रॉफी उचलतोय आणि ज्याच्याइतका ग्रेट प्लेयर तिथे झाला नाही तो तळाला बसलाय, हे चित्र विसरता येत नाही.

लगेच 'मोठे प्लेयर कोच होऊ शकत नाहीत' असा नियम काढू नका. अकादमीतला तो माल मेनिंगा आठवतोय? खेळून झाल्यावर तो १९९७ ते २००१ कॅनबराचा कोच होता, हाताला काही लागलं नाही. मग क्वीन्सलंड त्याच्याकडे आलं आणि २००६ ते २०१३ सलग आठ ओरिजिन सिरीज जिंकल्या. तोच माणूस. क्लबात रोज सकाळी तीस जणांना सांभाळायचं असतं. ओरिजिनला वर्षातून काही आठवडे देशातले बेस्ट प्लेयर हाताखाली येतात, त्यांना फक्त एकत्र बांधायचं. कोणाला कुठली खुर्ची सूट होते हे खुर्चीत बसल्यावरच कळतं, एचआरवाल्यांची ॲप्टिट्यूड टेस्ट काहीही म्हणो.

बेनेटच्या पुढच्या ट्रॉफ्या भरभर सांगतो. १९९७ (त्या वर्षी लीगचे दोन तुकडे झाले होते, त्यातल्या एका तुकड्याची), १९९८, २०००. पण मला त्यापेक्षा २००१चा एक फोन आवडतो. लँगर १९९९ साली सीझनच्या मध्येच तडकाफडकी रिटायर झाला होता. आपलं पहिल्यासारखं होत नाही, बस. मग तो इंग्लंडात वॉरिंग्टनकडून खेळायला गेला. २००१ साली ओरिजिन १-१ अशी अडकली. तिसरी मॅच ब्रिस्बेनला. बेनेट तेव्हा पुन्हा क्वीन्सलंडचा कोच होता. त्याने लँगरला फोन लावला आणि गुपचूप बोलावून घेतलं. लँगर ३५ वर्षांचा होणार होता. पेपरवाल्यांना पत्ता लागेपर्यंत पठ्ठ्या विमानात. क्वीन्सलंड ४०-१४ने जिंकलं आणि लँगरने त्या रात्री वय विसरायला लावलं. बेनेट नको ते सांगतो तेव्हा स्वतः सांगतो आणि हवं ते सांगायचं तेव्हाही फोन स्वतःच करतो, मधे सेक्रेटरी नाही.

तर असा हा थोर पुरुष. थांबा, आरती ओवाळू नका. २००५चं वर्ष बघा. ब्रॉन्कोज सीझनच्या शेवटी धडाधड हरले. बेनेटने काय केलं? आपल्या तीन असिस्टंट्सना नारळ दिला. गॅरी बेल्चर, ग्लेन लॅझरस, केव्हिन वॉल्टर्स. हे काही कोणी भाडोत्री नव्हते, तिघंही त्याच्या हाताखाली खेळलेले. बेल्चर तर १९८५च्या त्या १०-८वाल्या साउथ्स टीमचा. वीस वर्षांची ओळख. मैत्री एकीकडे, काम एकीकडे, हे म्हणायला सोपं. घरी बारशाला बोलावलेल्या माणसाला 'उद्यापासून येऊ नकोस' सांगून बघा.

आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात तो ऑस्ट्रेलियाचा कोच म्हणून लीड्सला फायनल हरला, न्यूझीलंडकडून २४-०. ऑस्ट्रेलियाला अशा हरण्याची सवयच नव्हती, १९७८नंतर त्यांनी सिरीज किंवा स्पर्धा गमावलीच नव्हती. ब्रिस्बेन एअरपोर्टवर पत्रकारांची फौज. इथे मात्र आपला कडक पोलिसवाला मागच्या दाराने सटकला! लोकांनी जाम सुनावलं आणि बरोबरच सुनावलं. थोड्याच दिवसांत त्याने ती पोस्ट सोडली. प्लेयरच्या डोळ्यांत डोळे घालून बोलणारा माणूस माइक दिसला की पळतो, हा त्याचा विकपॉइंट कायमचा. माझ्या मित्राला यातून थोडा धीर यावा, म्हणजे निदान मागचं दार मोठे लोकही वापरतात.

२००६ साली ब्रॉन्कोज पुन्हा चॅम्पियन झाले, मेलबर्नला १५-८ने हरवून. २००८ साली तो क्लबमधून बाहेर पडला, २१ सीझन्सनंतर. त्याच वर्षी न्यूझीलंडच्या टीमचा सल्लागार म्हणून बसला आणि त्यांनी वर्ल्ड कप फायनलमध्ये ऑस्ट्रेलियाला ३४-२० हरवलं, तेही ब्रिस्बेनमध्ये! यावर ऑस्ट्रेलियन शेजाऱ्यांनी त्याच्या घरी दूध-पेपर टाकायचं बंद कसं केलं नाही, हे मला कोडं आहे. २०१० साली सेंट जॉर्ज इलावाराला त्याने ट्रॉफी मिळवून दिली. मधे न्यूकॅसलची तीन वर्षं, त्यातून फार काही निघालं नाही. २०१५ साली परत ब्रॉन्कोज. त्या वर्षीची फायनल त्यांच्या मुठीत होती, शेवटच्या क्षणी बरोबरी झाली आणि एक्स्ट्रा टाइममध्ये एका पॉइंटने गेली. १७-१६. असो.

आता यायचं ते डिसेंबर २०१८वर. बेनेट ६८चा. ब्रॉन्कोजला नवा कोच हवा होता, साउथ सिडनीचा अँथनी सीबोल्ड. करार असा की बेनेटने आणखी एक वर्ष थांबायचं, मग दोघांनी क्लब बदलायचे. पण दोन्हीकडचं वातावरण इतकं बिघडलं की वर्षभर कोणाला कोणी नको झालं. बेनेटही धुतल्या तांदळासारखा नव्हता, त्याने पुढची नोकरी पक्की करून ठेवलीच होती. शेवटी क्लबने त्याला काढला.

कसा काढला? तेव्हाच्या बातम्या अशा की त्याला हे कळलं ते व्हॉइसमेलवरून. त्याला गाठायचा प्रयत्न झाला, भेट काही झाली नाही, मग फोनवर निरोप ठेवला.

ज्या क्लबची पहिली मॅच त्याने खेळवली, ज्याच्या सहाच्या सहा ट्रॉफ्या तेव्हा त्याच्याच होत्या, त्या क्लबने बीप वाजल्यानंतर निरोप ठेवला. लुईसने ही बातमी वाचली तेव्हा तो काय म्हणाला असेल, या विचाराने मी कितीतरी वेळ घालवलाय.

पुढे काय झालं ते निव्वळ आकड्यांत सांगतो, कारण शेरे मारायची गरजच नाही. २०१९च्या बाद फेरीत ब्रॉन्कोज पॅरामॅटाकडून ५८-० असे हरले. २०२० साली २० मॅचेसपैकी ३ जिंकून ते टेबलच्या तळाला गेले, इतिहासात पहिल्यांदा. सीबोल्डने पाच वर्षांचा करार असताना दुसऱ्या वर्षीच राजीनामा दिला. त्याच्या जागी ब्रॉन्कोजने कोणाला घेतलं? २००५ साली नारळ मिळालेल्या केव्हिन वॉल्टर्सला. वॉल्टर्स तेव्हा क्वीन्सलंडचा कोच होता. तिथे आता जागा रिकामी. ती भरायला कोण आलं? सत्तर वर्षांचा बेनेट. न्यू साउथ वेल्सच्या पेपरांत या टीमची आजवरची सगळ्यात भिकार क्वीन्सलंड टीम म्हणून टर उडवली गेली, आणि नोव्हेंबर २०२०मध्ये ती टीम २-१ने जिंकली.

२०२१ साली साउथ सिडनीला त्याने फायनलला नेलं, १४-१२ने हरले. २०२३ साली 'डॉल्फिन्स' नावाची कोरी करकरीत टीम घेऊन आला आणि पहिल्याच मॅचला रूस्टर्सना २८-१८ने उडवलं. १९८८च्या मॅनलीची आठवण झाली असणार त्याला. २०२५ साली, पंचाहत्तराव्या वर्षी, पुन्हा साउथ सिडनी. माझे काका साठीला रिटायर झाले आणि आता फक्त गच्चीवर कुंड्यांची जागा बदलतात. त्याच वर्षी ब्रॉन्कोजनेही अखेर ट्रॉफी जिंकली, २००६नंतर प्रथमच, मेलबर्नलाच हरवून, २६-२२. म्हणजे त्याच्याशिवायही त्यांना जिंकता येतं हेही सिद्ध झालं, १९ वर्षांनी का होईना.

हे सगळं मी मित्राला रविवारी दोन बिअर आणि एक प्लेट चिकन लॉलीपॉपवर ऐकवलं. त्याने सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, "म्हणजे लुईसला काढलं ते बरोबर होतं ना? जिंकले ना शेवटी?"

मी म्हटलं, जिंकले ते दोन वर्षांनी. त्या दिवशी बेनेटला ते माहीत नव्हतं.

तो गप्प झाला. सिनियरचा रिप्लाय शनिवारी सकाळीच आला होता, ते त्याने तेव्हा दाखवलं. एकच शब्द, 'नोटेड'. खाली फुलस्टॉपही नाही.

सोमवारी मला साडेदहाला त्याचा फोन. आवाज दबलेला. "ऐक, उठलो होतो. डेस्कपर्यंत गेलो. डिसिजन माझा होता असंच सांगणार होतो, आईशपथ."

"मग?"

"तो आज रजेवर आहे."

"घर कुठे त्याचं?"

"डोंबिवली."

"लोकल आहे की."

पलीकडून बराच वेळ काही आवाज नाही. मग कोणीतरी त्याला मीटिंगला हाक मारली.